डबल बेल

मधली पाच वर्षं आमच्या गल्लीत नळाला पाणी कधी येणार हे कुणालाच माहीत नसायचं. याचा दोष मी महापालिकेला देणार नाही. दोष नानांचा होता.

जळगावात पाणी रोज येत नाही. वाघूर धरण भरलेलं असो की नसो, एक दिवस आड, कधी दोन दिवस आड, आणि वेळ व्हॉल्व्हमनच्या मर्जीची. म्हणून आमच्या पिंप्राळ्याच्या गल्लीत अण्णांनी २०१६ साली व्हॉट्सअ‍ॅपवर एक ग्रुप काढला. अण्णा वीज कंपनीतून निवृत्त झालेले, सगळ्या खात्यांत त्यांचं माणूस. ते व्हॉल्व्हमनला फोन करायचे आणि ग्रुपवर टाकायचे : 'उद्या पहाटे ४.३०.' एवढंच. त्यावर कुणी अंगठा दाखवायचा, कुणी हात जोडायचे. बायका रात्रीच हंडे मांडून ठेवायच्या. असा शहाण्यासारखा चाललेला ग्रुप नोव्हेंबर २०१९ मध्ये फुटला, आणि त्यातून बाहेर पडणारे पहिले गृहस्थ म्हणजे नाना.

नाना एसटीत कंडक्टर होते. निवृत्तीला दहा वर्षं झाली, पण एसटी त्यांच्यातून निवृत्त झालेली नाही. तिकिटांच्या पेटीनं उजवा खांदा जरा खाली आलेला. ओट्यावर उभे राहिले तरी दोन्ही पाय फाकवून उभे राहतात, घराला कधीही ब्रेक लागेल म्हणून. सत्यनारायणाला गेले तर ओठ हलताना दिसतात. लोकांना वाटतं, नाना पोथी म्हणतायत. नाना डोकी मोजत असतात. प्रसाद वाटून झाला की यजमानाला हळूच सांगतात, "बेचाळीस व्हतात. दोन बिगर प्रसादाचे गेले."

तीस वर्षं जळगाव-धुळे मार्गावर त्यांनी माणसं कोंबली. गाडीत पाय ठेवायला जागा नसताना "पुढं सरका, पुढं लई जागा शे" असं म्हणून आणखी दहा जण आत घेतले. कुणाला जात विचारली नाही, पक्ष विचारला नाही. फक्त सुट्टे विचारले. असा माणूस निवृत्त झाल्यावर जगाच्या दोन रांगा लावील, असं मला कधी वाटलं नव्हतं.

नानांच्या जगात दोनच प्रकारची माणसं आहेत : 'आपला' आणि 'त्यांचा'. डॉक्टर आपला की त्यांचा, हे ताप मोजण्याआधी कळायला हवं. शेवभाजीचा ढाबा त्यांचा निघाला, तर तर्री पातळ लागते. केळीचा भाव पडला की तो कुणामुळे पडला हे नानांना बागायतदाराच्या आधी ठाऊक असतं. आणि भाव चढला तर तोही कुणामुळे चढला हे ठाऊक असतं, फक्त माणूस वेगळा. गल्लीच्या तोंडाशी चांगला न्हावी असताना नाना तीन किलोमीटर दूर जाऊन केस कापून येतात. एकदा कानावरचा भाग एका बाजूनं वर गेलेला दिसला म्हणून मी विचारलं, तर म्हणाले, "कटिंग वाकडी करतो, पण माणूस विचारांनी सरळ शे."

नाना धनुष्यबाणवाले. ऐंशीच्या दशकात शिवसेना मुंबईतून खेड्यापाड्यांत आली, तेव्हा पारोळ्याकडच्या त्यांच्या गावात पहिली शाखा निघाली त्या दिवसापासून. एसटीच्या नोकरीत राजकारण करता येत नाही, म्हणून खाकी शर्टाच्या खिशात भगवा रुमाल घडी करून ठेवायचे. घाम दुसऱ्याच रुमालानं पुसायचे.

अण्णा कमळवाले. त्यामुळे दोघांचं छान होतं. राज्यात युती, तशी गल्लीतही युती. दोघांत मिळून एक पेपर. सकाळी पहिलं पान अण्णांकडे, आतलं नानांकडे, साडेआठला अदलाबदल. पैसे निम्मे-निम्मे. रद्दीचेही. दोघं अग्रलेखावर भांडायचे ते इतक्या मोठ्यानं, की मला पेपर घ्यायची गरज पडत नसे.

पण नानांचं खरं भांडण गल्लीत नव्हतं. ते धुळ्याला होतं.

धुळ्याचे आप्पा बाजार समितीत एका अडत्याकडे मुनीम. दर शनिवारी वसुलीला जळगावला यायचे आणि संध्याकाळच्या गाडीनं परत जायचे. नेमके नानांच्या गाडीत, नेमके कंडक्टरच्या सीटशेजारी. आप्पा जुने काँग्रेसवाले, १९९९ साली राष्ट्रवादी निघाल्यापासून घड्याळवाले. भांडण बांभोरीला गिरणेच्या पुलावर सुरू व्हायचं, पाळधीला तापायचं, एरंडोलला उकळायचं. पारोळ्याला गाडी दहा मिनिटं थांबायची, तेव्हा दोघं एका कपातला अर्धा-अर्धा चहा न बोलता प्यायचे, कारण भांडण गाडीतलं होतं आणि चहा खालचा. मग मुकटी, फागणे, आणि धुळ्याचं स्टँड आलं की आप्पा म्हणायचे, "बाकीचं पुढल्या शनिवारी."

एकदा या भांडणात नाना मुकटीला बेल द्यायचे विसरले. मुकटीचे सहा जण फागण्याला उतरले. त्याच दिवशी तपासणी पथक गाडीत चढलं आणि एक बिगर तिकिटाचा सापडला. नानांना मेमो मिळाला. खुलाशात काय लिहू म्हणून ते माझ्याकडे आले. मी मराठीचा मास्तर, गल्लीतले सगळे अर्ज माझ्याकडून जातात. मी लिहिलं, 'प्रवाशाच्या शंकांचे निरसन करीत असल्याने.' नानांनी 'शंकांचे' खोडून 'गैरसमजांचे' असं केलं.

आणि याच आप्पांच्या मुलाला नानांनी आपली लेक दिली. २००५ साली. मी चकित झालो. नाना म्हणाले, "सर, इतकी वर्षं माझ्याशी भांडला, पण एक शनिवार दुसऱ्या गाडीनं गेला नही. आणि दोन रुपये जास्तीचे गेले तर पुढल्या शनिवारी आणून द्यायचा. घर वाईट नसावं." स्थळ पाहण्याची ही रीत मी तोवर ऐकली नव्हती. पुढं पाहिलं, तर पत्रिका जुळवून झालेल्या लग्नांपेक्षा वाईट ठरली नाही.

लग्नात दोन्ही पक्षांचे पुढारी आले. सूत्रसंचालकानं माइकवरून दोघांचं स्वागत केलं, कुणाचं नाव आधी घेतलं यावरून मांडवात दोन ठिकाणी कुजबुज झाली, आणि ते दोघं पुढारी मात्र एकाच सोफ्यावर मांडीला मांडी लावून अर्धा तास गप्पा मारत बसले. एकानं दुसऱ्याच्या ताटातली जिलबी उचलून खाल्ली. नाना आणि आप्पा, वधूपिता आणि वरपिता, दोन टोकांना उभे राहून ते पाहत होते. मी नानांना म्हटलं, "पाहा." नाना म्हणाले, "वरून दाखवतात तसं. आतून कट्टर आहेत." नानांनी कट्टरपणाची ही व्याख्या पुढं वीस वर्षं प्राणपणानं सांभाळली.

नानांच्या लेकीला आम्ही सगळे बेबी म्हणतो. सासर आणि माहेर यांच्यामधलं परराष्ट्र खातं तिच्याकडे. नाना धुळ्याला, देवपुरातल्या तिच्या घरी येणार असले की ती आदल्या रात्री टीव्हीच्या रिमोटमधले सेल काढून मसाल्याच्या डब्यात, लवंगांखाली ठेवते. "सेल संपले" असं तिनं इतक्या वेळा सांगितलं, की एका दिवाळीला आप्पांनी तिला बारा सेलांचं पाकीट ओवाळणीत घातलं. पण टीव्ही नसला म्हणून काय झालं? नाना दारात चपला काढता काढता सुरू व्हायचे, आणि आप्पा आतून उत्तर द्यायचे. बेबी पोहे टाकायची. तिला पक्कं ठाऊक होतं, दोघं बोलतायत तोवर सगळं ठीक आहे.

आणि मग २०१९ उजाडलं. खरंच उजाडलं, कारण जे झालं ते पहाटे झालं. २३ नोव्हेंबरला सकाळी नानांनी टीव्ही लावला तेव्हा देवेंद्र फडणवीस मुख्यमंत्री झालेले होते आणि अजित पवार उपमुख्यमंत्री. नानांनी धुळ्याला फोन लावला. "आप्पा, अभिनंदन करू की शिव्या देऊ?" आप्पा म्हणाले, "दोन दिवस थांबा, माले बी समजू द्या." तीन दिवसांत ते सरकार गेलं. २८ तारखेला शिवाजी पार्कवर उद्धव ठाकरे मुख्यमंत्री झाले आणि त्यांच्याबरोबर राष्ट्रवादी आणि काँग्रेस. म्हणजे वीस वर्षं ज्यांच्याशी भांडले ते आप्पा एका आठवड्यात 'आपले' झाले, आणि ज्यांच्याबरोबर निम्मा पेपर वाचला ते अण्णा 'त्यांचे'.

त्या रात्री अण्णांनी ग्रुपवर नेहमीसारखा निरोप टाकला, पण त्याला एक ओळ जोडली : 'उद्या पहाटे ४.३०. गद्दारांनीही भरून घ्यावे.'

नानांनी उत्तर दिलं, 'तुमच्या पाण्याला हात लावणार नाही.' आणि त्याखाली ती बारीक करडी ओळ उमटली : नाना लेफ्ट.

पहाटे साडेचारला सगळ्या गल्लीत मोटारी घुमू लागल्या. नाना अंधारात ओट्यावर बसून होते. नानांच्या घरच्या काकूंनी मागच्या दारानं येऊन आमच्या नळाला दोन हंडे भरले. "त्यांना सांगू नका," म्हणाल्या. मी सांगितलं नाही. नानांनी विचारलंही नाही, की हातच न लावलेल्या पाण्याचा चहा आला कुठून.

पुढं ग्रुपवर नुसता धूर. कमळवाल्यांनी फोटो टाकायचे, धनुष्यबाणवाल्यांनी व्हिडिओ टाकायचे, आणि मधे कुणी तरी भाबडेपणानं 'पाणी?' असं विचारायचं. त्यावर सत्तर वर्षांचा हिशोब मागितला जायचा. दोन महिन्यांत एकाचे तीन ग्रुप झाले. अण्णांनी कंटाळून निरोप टाकणंच बंद केलं. पाणी कधीही येऊ लागलं. म्हणजे ते आधीही कधीही येत होतं, पण आता ते सांगणारा कुणी उरला नव्हता. पेपरही तुटला. नानांनी एक लावला, अण्णांनी दुसरा. गल्लीत पेपर वाढले आणि वाचन कमी झालं, कारण ज्याला वाचून दाखवायचं तोच समोर नव्हता.

गटाराची गोष्ट तर सांगायलाच हवी. आमच्या गल्लीच्या टोकाला एक गटार तुंबलेलं असतं. २०१८ साली जळगाव महापालिकेत ७५ पैकी ५७ जागा भाजपच्या आल्या. तेव्हापासून त्या गटारावर अर्ज करायचं काम नानांचं आणि 'नव्या माणसांना वेळ द्यायला हवा' असं म्हणायचं काम अण्णांचं. नानांचा अर्ज अर्थात मी लिहिला. १८ मार्च २०२१ ला त्याच महापालिकेत भाजपचे बरेच नगरसेवक फुटले आणि शिवसेनेच्या महापौर झाल्या, ४५ विरुद्ध ३०. दुसऱ्या दिवशी सकाळी अण्णा माझ्याकडे आले. "सर, त्या गटाराचा एक कडक अर्ज लिहून द्या." मी जुना कागद काढला, तारीख आणि सही बदलली. बाहेर आलो तर नाना ओट्यावरून म्हणाले, "नव्या माणसांना जरा वेळ द्यायला पाहिजे, सर." गटार इतकं निष्ठावान, की त्यानं एकदाही जागा बदलली नाही.

तुम्ही विचाराल, मी कुठल्या बाजूचा? मी तटस्थ. आमच्याकडे तटस्थ म्हणजे ज्याच्यावर दोन्ही बाजूंचा संशय आहे असा माणूस. नाना मला 'आतून त्यांचा' समजतात आणि अण्णा 'वरून आपला' समजायचे.

वास्तविक आमच्या जिल्ह्यात पुढाऱ्यांनी लोकांना एवढं शिकवलंय, की कुणी शहाणं व्हायचं राहू नये. मुक्ताईनगरला एकनाथ खडसे २०२० साली भाजप सोडून राष्ट्रवादीत गेले. त्यांच्या सूनबाई रक्षाताई भाजपच्याच खासदार राहिल्या, २०२४ ला तिसऱ्यांदा निवडून येऊन केंद्रात राज्यमंत्री झाल्या. लेक रोहिणीताई तिसऱ्या बाजूला नाही, वडिलांच्या बाजूला. पाचोऱ्यात २०२४ च्या विधानसभेला धनुष्यबाण घेऊन किशोर पाटील आणि मशाल घेऊन त्यांची चुलत बहीण वैशाली सूर्यवंशी समोरासमोर उभे. घराच्या एका उंबऱ्याआड दोन झेंडे मावतात, हे जळगाव जिल्ह्यानं महाराष्ट्राला दाखवलं. फक्त आमच्या गल्लीत ते मावेनात.

नाना याचंही उत्तर देतात. "ती मोठी माणसं. त्यांना परवडतं." यात किती खरं आहे, हे म्हणणाऱ्यालाही माहीत नसावं. पुढाऱ्याचं भांडण नोकरीतलं असतं. सुटी असते, बदली असते, बढतीही असते. आपलं भांडण फुकटचं, म्हणून त्याला निवृत्तीच नाही.

जून २०२२ मध्ये शिवसेनाच फुटली. पाळधीचे गुलाबराव पाटील एकनाथ शिंद्यांबरोबर गेले. पाळधी म्हणजे नानांच्या मार्गावरचा दुसरा मोठा थांबा. नाना आठ दिवस ओट्यावर दिसले नाहीत. मग म्हणाले, "मी माणसाचा नही, चिन्हाचा. चिन्ह जिकडे, तिकडे मी." ऑक्टोबरात निवडणूक आयोगानं चिन्हच गोठवलं. ऑक्टोबरच्या उन्हात नाना माझ्याकडे आले, घाम पुसत. त्या दिवशी भगव्या रुमालानं. म्हणाले, "सर, जळगावात काही गोठतं का?" चार महिने त्यांना पक्ष नव्हता. त्या चार महिन्यांत त्यांचा रक्तदाब नॉर्मल होता, असं काकू सांगतात. १७ फेब्रुवारी २०२३ ला धनुष्यबाण शिंद्यांना मिळाला आणि गोळी पुन्हा सुरू झाली.

त्या अडीच-तीन वर्षांत 'गद्दार' हा शब्द नानांनी दोनदा ऐकला, दोन निरनिराळ्या बाजूंनी. आणि दोन्ही वेळा ते आपल्याच ओट्यावर, आपल्याच खुर्चीत, जागचे न हलता बसलेले होते.

या काळात आप्पा पुन्हा विरोधात, त्यामुळे धुळ्याची आघाडी उत्तम चालली. ऑगस्ट २०२२ पासून पंचाहत्तरी पार केलेल्यांना एसटी फुकट झाली. आप्पांची नेमकी पंचाहत्तरी झालेली. ते दर पंधरा दिवसांनी शून्य रुपयांचं तिकीट घेऊन जळगावला यायचे. नाना दारातच म्हणायचे, "आमच्या सरकारच्या गाडीत फुकट बसून आमच्याशीच भांडायला आलात!" आप्पा म्हणायचे, "पन्नास वर्षं तिकीट काढलं, त्याचं व्याज खाई राह्यनू." काकू म्हणायच्या, "हात धुवा, ताट वाढलंय." दोघं धुवायचे, एकाच तांब्यानं.

मला तेव्हा एक गोष्ट दिसू लागली. आप्पा आणि नाना एकमेकांना अण्णांपेक्षा शंभरपट वाईट बोलले होते. पण आप्पांना लेफ्ट होण्याची सोय नव्हती. मधे बेबी होती, दोन नातवंडं होती, दिवाळी होती, आखाजी होती. आखाजीला लेक माहेरी येते, तिला आणायला जावं लागतं, तिला पोचवायला व्याही येतो. तोंड फिरवायचं तर फिरवून फिरवून किती फिरवणार? अण्णांपासून मात्र एका अंगठ्यानं सुटका झाली. वर गंमत पाहा, आता तर शिंद्यांचं आणि भाजपचं सरकार. मुंबईत युती परत झाली. अण्णा 'आपले' झाले. पण गल्लीत युती करायला कुणी राज्यपाल नव्हता. बोललेलं विरून गेलं असतं. हे लिहिलेलं होतं, आणि दोघांच्याही फोनात जपून ठेवलेलं होतं.

२०२३ च्या उन्हाळ्यात अण्णा पुण्याला मुलाकडे कायमचे राहायला गेले. सकाळी टेम्पो आला, सामान गेलं. नाना त्या दिवशी एका लग्नाला चोपड्याला होते. तिसऱ्या दिवशी पेपरवाल्या पोऱ्यानं नानांच्या दारात दोन पेपर टाकले. "हा दुसरा कुणाचा?" तर म्हणाला, "अण्णांचा. महिन्याचे पैसे भरेल शेत. ते सांगून गेले, नानांकडे टाकत जा."

नाना पेपर घेऊन माझ्याकडे आले. घडी उघडलेली नव्हती. बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले, "सांगीसन जावाले पाहिजे व्हतं. मी टेम्पोत सामान लावी दिधं असतं. इतकी वर्षं टपावर सामान चढवलं मी."

मग महिन्याभरात, २ जुलैला, अजित पवारही त्याच सरकारात आले. फेब्रुवारी २०२४ मध्ये घड्याळही त्यांना मिळालं. आप्पाही चिन्हाचेच माणूस. म्हणजे आता नाना आणि आप्पा एका सरकारात. मला वाटलं, संपलं. पण लोकसभेचा निकाल मदतीला आला. जळगाव आणि रावेर महायुतीनं जिंकल्या, आणि धुळे ३,८३१ मतांनी काँग्रेसच्या शोभा बच्छावांकडे गेलं. नानांनी निकालाच्या रात्रीच फोन लावला. "आम्ही दोन दिल्या, तुम्ही एक घालवली." आप्पा म्हणाले, "आमचा निम्मा मतदारसंघ नाशिक जिल्ह्यात शे. तुम्ही भूगोल वाचा." सहा महिने त्यावर निघाले.

मग नोव्हेंबर २०२४. विधानसभेला जळगाव जिल्ह्यातल्या ११ पैकी ११ महायुतीला. धुळे जिल्ह्यातल्या ५ पैकी ५. भांडायला एकही जागा शिल्लक नाही.

डिसेंबरात नानांच्या भावाच्या शेतात भरीत होतं. हिरवी, हातभर लांबीची वांगी, कपाशीच्या काड्यांवर भाजलेली. लाकडी भांड्यात ठेचलेली मिरची, कांद्याची पात, शेंगदाणे, कळण्याच्या भाकरी. आप्पा आले होते, बेबी आली होती, मीही होतो. आप्पा आणि नाना शेजारी शेजारी जेवायला बसले आणि दोघांनाही बोलायला काही सुचेना.

"बरं चाललंय," नाना म्हणाले.

"हो. बरंच म्हणावं," आप्पा म्हणाले.

पुढचा घास. काड्या तडतडल्या. "थंडी यंदा..." नाना म्हणाले. "हो, यंदा..." आप्पा म्हणाले. मी बेबीकडे पाहिलं. परराष्ट्र खात्याचा चेहरा उतरला होता. वीस वर्षं जिनं रिमोटचे सेल लवंगांखाली दडवले, ती हळूच मला म्हणाली, "सर, काही तरी विचारा ना त्यांना. राजकारणाचंच विचारा."

मी विचारलं नाही. आप्पाच म्हणाले, चारच्या गाडीनं निघतो. कधी रात्रीचं जेवण टाळून न गेलेला माणूस. आम्ही त्यांना पोचवायला स्टँडवर गेलो. धुळ्याची गाडी लागलेली होती, आणि तिच्या पाटीकडे पाहत नाना सहज म्हणाले, "तसं जळगाव आधीपासूनच पुढं."

आप्पा पायरीवर चढले होते. खाली उतरले. "आधीपासून म्हणजे कव्हयपासून? १९०६ पर्यंत बठ्ठा खान्देश एक जिल्हा व्हता आणि त्याचा कलेक्टर धुळ्याला बसायचा. तुमचं पूर्व खान्देश आमच्यातून कापून काढलं."

"कापलं ते बरं केलं. काँग्रेसचं पहिलं खेड्यातलं अधिवेशन कुठं भरलं, १९३६ ला? आमच्या फैजपूरला. नेहरू अध्यक्ष."

"विनोबांनी गीता कुठं सांगितली? धुळ्याच्या तुरुंगात. १९३२."

"आणि लिहून कुणी घेतली? आमच्या अमळनेरच्या मास्तरांनी. साने गुरुजींनी."

चारची गाडी गेली.

"सांगितली कुणी ते महत्त्वाचं!"

"लिहिली नसती तर वाऱ्यावर गेली असती!"

"सांगितलीच नसती तर लिहिलं काय असतं, कपाशीचा भाव?"

साडेचारची गाडी गेली. बेबीनं तीन चहा सांगितले. आप्पांनी राजवाडे काढले, नानांनी बहिणाबाई काढल्या. पाचच्या गाडीच्या कंडक्टरनं नानांना ओळखलं, थोडा वेळ थांबून ऐकलं, आणि मग डबल बेल दिली. एका बेलला गाडी थांबते, दोन बेल झाल्या की चालते, हे नानांना सांगायची गरज नाही. सहाच्या गाडीत आप्पा चढले ते खिडकीतून हात बाहेर काढून, "बाकीचं पंधरा दिवसांनी!"

घरी परतताना नाना खूश होते. निम्म्या वाटेत मात्र गप्प झाले. ओट्यावर बसल्यावर म्हणाले, "सर, अण्णाचा नंबर शे का तुमच्याकडे? माझ्याकडून पुसला गेला." पुसला गेला नव्हता. काय झालं होतं ते दोघांनाही माहीत होतं. मी नंबर लावून फोन त्यांच्या हातात दिला.

पलीकडे घंटा वाजत होती. नाना उभे राहिले, पाय फाकवून. पाच वर्षांत जमलेलं सगळं त्यांच्या तोंडाशी आलं असणार. पलीकडून "हॅलो" आलं आणि नानांना एकच वाक्य सापडलं.

"अण्णा... पानी कव्हय येई?"

पलीकडे शांतता. पुण्यात बसलेल्या माणसाला जळगावच्या नळाची वेळ विचारली होती. मग अण्णांचा आवाज आला, "थांब." आणि फोन बंद.

आम्ही थांबलो. दहा मिनिटांनी फोन वाजला. अण्णांच्या फोनात व्हॉल्व्हमनचा नंबर अजून होता.

"उद्या पहाटे साडेचार."

"बरं," नाना म्हणाले आणि फोन ठेवला. काकूंना ओरडून सांगितलं, हंडे मांडा. समोरच्या घरी सांगितलं, शेजारी सांगितलं, न्हाव्यालाही सांगितलं. मग माझ्याजवळ येऊन बसले आणि अस्वस्थ झाले.

"काय झालं, नाना?"

"सर, पुण्याले त्यांच्याकडे पानी कव्हय येतं, ते इचारनं राही गयं. आते परत फोन करना पडी."